पुढच्या दाराची तारीख

आमच्या घराला पुढचं दार आहे. हे मुद्दाम सांगावं लागतं, कारण आमच्याकडे आलेल्या कुणालाही ते खरं वाटत नाही. चांगलं सागवानी, दोन फळ्यांचं, पितळी कडीचं दार आहे. फक्त बावीस वर्षांत, एक दिवस सोडला तर, त्यातून कुणी आत आलेलं नाही आणि बाहेरही गेलेलं नाही. येणाऱ्याजाणाऱ्याला घराला वळसा घालून, मोरीवरून, भांडी घासायच्या दगडाला बगल देऊन, वाकून आत यावं लागतं. वाकायचं कारण असं की मागचं दार आईच्या उंचीचं केलेलं आहे आणि आमची आई चार फूट आठ इंच आहे.

दाराचा दावा तालुक्याच्या कोर्टात होता. कोर्ट कुठलं ते सांगत नाही. आमचं गाव किन्हवलीच्या पुढं अशा जागी आहे की शहापूरला जायला एसटी उशिरा मिळते आणि मुरबाडला जायला मिळतच नाही. तेव्हा ‘तालुक्याचं कोर्ट’ एवढ्यावर भागवावं. मी स्वतः एका सरकारी कचेरीत आवक-जावक कारकून आहे. कागदावर कुणाचं नाव कधी घालायचं आणि कधी टाळायचं, एवढं मला नोकरीनं शिकवलेलं आहे.

प्रकरण थोडक्यात असं. एकोणीसशे शहाऐंशी साली आबांनी, म्हणजे माझे वडील बाळाराम रोकडे यांनी, कुडाचं घर पाडून विटांचं बांधलं. दार रस्त्याच्या बाजूला काढलं. दार आणि ग्रामपंचायतीचा रस्ता यांच्यामध्ये चार फुटांची पट्टी आहे. आबांचे चुलतभाऊ नथूकाका शेजारीच राहतात. त्यांचं म्हणणं पडलं की ती पट्टी म्हणजे त्यांच्या गुरांची गोठ्यात जायची वाट. त्यांनी दावा लावला. कोर्टानं हुकूम दिला की निकाल लागेपर्यंत पट्टीवर ‘जैसे थे’ परिस्थिती ठेवावी. तिच्यात कुणी पाय घालू नये. हुकूम आला तेव्हा आबा दाराला पॉलिश करायला म्हणून बाहेर उभे होते. ते हुकूम वाचून घराला वळसा घालून मागून आत आले, आणि तेव्हापासून आम्ही सगळे मागून येतो.

कोर्टाचा हुकूम कोर्टापेक्षाही कडक कोण पाळत असेल तर ती माझी आई, गोजाबाई. दार आत उघडतं, म्हणजे नुसतं उघडायला काहीच हरकत नव्हती. पण आईचं म्हणणं, “उघडं दार बगून कोनी चुकून पाय टाकला तर? आबरू कोनाची जाईल?” तिनं दाराला आतून भाताची मोठी कणगी लावून टाकली. दाराच्या वरच्या भागाचा उपयोग आम्ही कॅलेंडर टांगायला करायचो, आणि त्या कॅलेंडरवर कोर्टाच्या तारखांना लाल गोल करायचो. म्हणजे दार अगदीच वाया गेलं असं नाही.

एक्याण्णव साली आबा गेले, आणि त्या दिवसापासून ह्या दाव्याची गंमत संपली. मागच्या दारातून तिरडी निघेना. मोरीच्या कोपऱ्यावर ती वळायलाच तयार नव्हती. नथूकाका धावत आले. म्हणाले, “वयनी, आजच्या दिस पुढनं न्या. मी काय बोलनार नाय.” आई मोरीच्या कठड्याला धरून उभी होती. ती म्हणाली, “उपकार नको भावजी. कोर्ट सांगंल तवाच ते दार उघडंल.” मग तिरडी तिरकी केली. पुढचं डावं टोक स्वतः नथूकाकांनी खांद्यावर घेतलं, आणि ‘जरा उजवीकडं, जरा उजवीकडं’ असं म्हणत आमच्याविरुद्धच्या दाव्यातल्या वादीनं माझ्या बापाला घराबाहेर काढलं. भांडी घासायच्या दगडाला तिरडी घासल्याचा तो आवाज मला अजून ऐकू येतो.

पाचव्या दिवशी आईनं मला समोर बसवलं. “मला असं न्यायचं नाय,” ती म्हणाली. “मला पुढच्या दारानं न्यायचं. न् उपकारानं नाय, निकालानं. निकाल लागल्याबिगर मी जायची नाय.”

हे ती रागानं बोलत नव्हती. एसटीची वेळ सांगावी तसं तिनं सांगितलं, आणि शब्द पाळायला सुरुवात केली. पंच्याण्णव साली तिला कावीळ झाली. डॉक्टर मला बाजूला घेऊन हळू आवाजात बोलायला लागले. मी म्हटलं, “डॉक्टर, पुढची तारीख फेब्रुवारीत आहे, तीही फक्त साक्षीची.” डॉक्टरांना काही समजलं नाही. आई पंधरा दिवसांत उठून नाचणी दळायला बसली.

तर असं सगळं सुरळीत चाललं होतं. पण सत्त्याण्णवच्या सुमाराला दावा लवकर निकाली काढायची बुद्धी मला झाली, आणि तिथून माझे भोग सुरू झाले.

कारण घडलं ते साबणाच्या पाण्याचं. कल्याणहून माझे साहेब एकदा सहज घरी आले. सायबांना मोरीवरून आत घेताना त्यांचा पाय घसरला आणि ते भांड्यांच्या ढिगात बसले. बसल्या बसल्या ते म्हणाले, “रोकडे, तुमच्याकडे यायला हाच रस्ता?” मी त्यांना दाव्याची हकीकत सांगितली. ते म्हणाले, “अकरा वर्षं? आणि तुम्ही काही करत नाही?” आता, सायबांनी कढई मांडीवर घेऊन विचारलेल्या प्रश्नाला उत्तर नसणं हा काही साधा अपमान नव्हे. त्याच आठवड्यात मी घरत वकिलांकडे गेलो.

घरत वकिलांनी आमचं वकीलपत्र घेतलं तेव्हा त्यांना भांग पाडण्याइतके केस होते. ते म्हणाले, “सतीश, कोर्टाला नावं ठेवू नकोस. वर्षाचा हिशेब मांड.” आणि त्यांनी मांडून दाखवला. जून-जुलै लावणी, तेव्हा पक्षकार येत नाहीत. ऑगस्ट-सप्टेंबरात नदीला पाणी, तेव्हा एसटी येत नाही. ऑक्टोबर-नोव्हेंबरात कापणी आणि झोडणी, म्हणजे साक्षीदार नाहीत; त्यातच दिवाळीची सुट्टी. एप्रिलमध्ये लग्नं, तेव्हा वकील नाहीत. मे महिन्यात खुद्द कोर्ट नाही. उरले चार महिने. त्यात एका वर्षी न्यायाधीशांची बदली होते आणि दुसऱ्या वर्षी नवीन न्यायाधीश यायचे असतात. “आता ह्यात दोष कुणाचा?” त्यांनी विचारलं. बाहेर पडताना लक्षात आलं, की त्या चार महिन्यांतल्या निम्म्या तारखा आम्हीच आईच्या सांध्यांसाठी मागून घेतल्या होत्या.

मग गावानं मला सल्ले द्यायला सुरुवात केली. आमच्याकडे विहिरीला पाणी कमी पडेल, सल्ला कमी पडत नाही. कुणी म्हणालं मंत्रालयात अर्ज करा. कुणी म्हणालं पुढची खिडकी पाडून तिथं दार काढा; पण खिडकीपुढंही पट्टीच होती. सगळ्यांत पुढचा सल्ला जैतूचा. जैतू एसटीचा निवृत्त ड्रायव्हर. पस्तीस वर्षं डोळखांबच्या वळणांवर गाडी चालवल्यामुळं त्याला कुठलीही गोष्ट सरळ जायला नको असते.

“सतीश, हुकूम जमिनीचा हाय ना?” तो म्हणाला.

“हो.”

“हवेचा नाय ना?”

“हवेचा कसा असेल?”

“मंग उंबऱ्यावरनं रस्त्यापातुर फळी टाक. मानूस फळीवरनं येनार. जमिनीला पाय लागला नाय तर कोर्ट काय करनार?”

मी हसलो. पण सल्ल्याचं असं असतं, की हसून झाल्यावर तो रात्रभर डोक्यात राहतो. नेमकं तीन वर्षांनी माझ्या थोरल्या मुलीला, श्वेताला, बघायला मुरबाडची मंडळी यायची ठरली. बायको म्हणाली, “मी पाव्हण्यांना मोरीतून आणणार नाही. साहेबांचं झालं तेवढं पुरे.” पौर्णिमा फारशी बोलत नाही, पण बोलली की तो विषय आमच्या घरी ‘निकाली’ समजला जातो. घरत वकिलांनी दोन पुस्तकं उघडून पाहिली आणि फळीबद्दल कुठं काही लिहिलेलं नाही, असं लेखी नव्हे पण तोंडी सांगितलं. त्यावर आईसुद्धा तयार झाली. कणगी सरकवली. चौदा वर्षांनी दार उघडलं. बाहेर पट्टीवर चौदा वर्षांचं ‘जैसे थे’ उभं होतं: गुडघाभर गवत, दोन एरंड आणि एक सापाची कात. गवत कापायची सोय नव्हती. आम्ही त्यावरून साडेपाच फुटांची फळी टाकली.

पाहुणे आले. मुलगा आला, मुलाचे वडील आले, आणि मग मुलाचा मामा आला. मामांना बघितल्यावर मी आधी फळीकडं बघितलं, कारण मामा अंगानं भरलेले होते. नथूकाका त्यांच्या ओट्यावर विडी ओढत बसले होते. मामा फळीच्या मध्यावर पोचले आणि नथूकाका उभे राहिले.

“टेकली!” ते ओरडले. “बगा रे समदे, टेकली!”

मामा जागीच थांबले. त्यांना वाटलं आपल्यालाच काही म्हणताहेत. मी आतून ओरडलो, “नाही टेकली!” जैतू रस्त्यावर पालथा पडून फळीखालून बघायला लागला. मामा मध्येच उभे, मागं जावं की पुढं यावं त्यांना कळेना. चहा झाला, पोहे झाले, मुलगी पसंत आहे असंही म्हणाले. पण चार दिवसांनी मुरबाडहून निरोप आला की ज्या घरात शिरताना एवढी पंचाईत, त्या घराशी सोयरीक कशी करायची. श्वेता म्हणाली, “बरं झालं. मला तो आवडला नव्हताच.” पण ती हे मोरीकडं तोंड करून म्हणाली.

सोमवारी नथूकाकांनी कोर्टात अर्ज टाकला की प्रतिवादीनं हुकूम मोडला. आता मूळ दावा चौदा वर्षांचा आणि त्याच्या कडेवर हा नवीन किरकोळ अर्ज. म्हणजे दावा लवकर संपावा म्हणून मी जे जे केलं, त्यातून एकाचे दोन झाले होते. कोर्टानं फळीची पाहणी करायला कमिशनर नेमला.

कमिशनर म्हणून एक नुकती सनद मिळालेला वकील आला. त्यानं टेप, वही आणि जेवणाचा डबा आणला होता. त्यानं सांगितलं, की फळीवर सरासरी वजनाचा इसम उभा करून ती टेकते का ते बघावं लागेल. सरासरी कोण, ह्यावर दुपार गेली. आमच्या बाजूनं आईचं नाव सुचवलं. तिचं वजन अडतीस किलो. नथूकाकांच्या वकिलांनी मुरबाडच्या मामांना समन्स काढायची मागणी केली. शेवटी दोन्ही बाजूंनी जैतूवर एकमत झालं. फक्त जैतूला ते पटलं नाही. “मी सरासरी?” तो म्हणाला. “पस्तीस वर्सं बिनअपघात गाडी चालवलीय.” त्याला समजावून, भाताच्या गिरणीच्या काट्यावर तोलून, एकाहत्तर किलो अशी नोंद करून फळीवर उभा केला. अख्खं गाव गोळा झालं होतं. वरच्या आळीतल्या ठकीनं तर शेंगा भाजून आणल्या होत्या.

फळी वाकली. जमिनीला टेकली नाही, पण खाली आडव्या पडलेल्या गवताला टेकली. कमिशनरनं गवताची उंची टेपनं मोजली. मग त्यानं अहवालात लिहिलं, ते मला अजून पाठ आहे: “फळी मध्यभागी गवतास स्पर्श करते. सदर गवत हे जमिनीचा भाग आहे किंवा कसे, हे मा. कोर्टाने ठरवावे.”

ह्यावर दोन वर्षं युक्तिवाद चालला. नथूकाकांचे वकील म्हणत, गवत जमिनीतून उगवतं म्हणून ते जमीन. घरत वकील म्हणत, मग भात विकताना माणूस जमीन विकतो काय? मी रजा काढून हे ऐकायला जात असे. परत येताना एसटीत शेजारच्याच बाकावर नथूकाका असत. आम्ही बोलत नसू. पण कंडक्टरला द्यायला माझ्याकडे सुट्टे नसले की नथूकाका पुढं करत, आणि त्यांच्याकडे नसले की मी. त्यांचा शेवटचा बैल चौऱ्याण्णव सालीच विकला गेला होता. गुरांच्या वाटेसाठी भांडणाऱ्या ह्या माणसाच्या गोठ्यात त्यांच्या मुलाची मोटारसायकल उभी असायची. हे मी सोडून सगळ्यांना दिसत होतं, आणि मलाही दिसत होतं, पण ‘मूळ अर्जात ह्याचा उल्लेख नाही’ असं घरत वकील म्हणायचे.

दोन हजार दोन साली नवीन न्यायाधीश बाई आल्या. वयानं माझ्या धाकट्या बहिणीएवढ्या. त्यांनी काही विचित्रच केलं: आमची सगळी फाइल पहिल्या पानापासून वाचून काढली. मग भर कोर्टात त्यांनी विचारलं, “वादींची गुरं सध्या कुठं आहेत?”

सोळा वर्षांत हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. नथूकाकांनी खाली बघितलं. मीही का कोण जाणे खाली बघितलं. बाई म्हणाल्या, “हा दावा पुढच्या लोकन्यायालयात ठेवा. आपसात मिटेल. माझ्या इथं एवढी जुनी प्रकरणं मला यंदा ठेवायची नाहीत.” आणि कॅलेंडर बघून त्यांनी तारीख दिली: दहा महिन्यांनी, लोकन्यायालय, अंतिम.

मी घरी आलो तो तरंगतच. दारावरच्या कॅलेंडरवर अजून ते साल लागलं नव्हतं, म्हणून मी भिंतीवरच खडूनं तारीख लिहिली. आईला म्हटलं, “आई, झालं! निकाल लागणार!”

आई भाकरी थापत होती. तिचा हात थांबला. “नक्की?” तिनं विचारलं.

“नक्की. लोकन्यायालय. त्यात पुढची तारीख नसते.”

“बरं,” ती म्हणाली, आणि भाकरी तव्यावर टाकली.

दुसऱ्या आठवड्यात तिनं ट्रंकेतलं पांढरं पातळ काढून धुतलं. शेळी कुणाला, तांब्याची कळशी कुणाला, पाटल्या कुणाला, हे सांगून झालं. धसईला दिलेल्या माझ्या बहिणीला, सरस्वतीला, निरोप धाडला की तारखेच्या आधी येऊन राहा. आईला काही झालेलं नव्हतं. ती खात होती, चालत होती. फक्त प्रवासाला निघायच्या आदल्या आठवड्यात माणूस जसं सगळं आवरून ठेवतं तसं ती आवरत होती.

मी आधी हसण्यावारी नेलं. पण गावानं नेलं नाही. पारावर बसलेले लोक मी आल्यावर गप्प होऊ लागले. ठकीनं मला रस्त्यात गाठलं. “सतीशदादा, तारीख पक्की ना? नाय, मंजे त्या आठवड्यात आमी माझ्या मायेरी जानार होतो. मातीला नाय गावलो तर बरं दिसत नाय.” जैतूनं एक दिवस माझा खांदा दाबला आणि म्हणाला, “आयची एवढी घाई करू नये रे.” मी! जो माणूस तिच्या शब्दासाठी सहा वर्षं रजा, एसटी आणि फळ्या ह्यांत झिजला, त्याला असं ऐकून घ्यावं लागलं. मी जैतूशी दोन दिवस बोललो नाही. तिसऱ्या दिवशी मला झोप लागेना, कारण मीच बोटांवर दिवस मोजत होतो.

लोकन्यायालयाच्या दिवशी मांडव घातला होता. खुर्च्या, चहा, टेबलामागं न्यायाधीश बाई, एक निवृत्त हेडमास्तर आणि एक वकील. आमचा पुकारा झाला. बाईंनी नथूकाकांना विचारलं, “आजोबा, खरं सांगा. तुम्हाला हवंय काय?”

नथूकाका टोपी हातात घेऊन उभे राहिले. “गुरं नाय माझ्याकडं,” ते म्हणाले. “वाट बी नको. माझं म्हननं एवढंच, का दार काडताना बाळारामदादानं मला इचारलं नाय. चुलत जरी असलो तरी सख्ख्यावानी आमी. एका ताटात जेवलेलो. मंग इचारायचं नाय?”

बाईंनी माझ्याकडं बघितलं. हेडमास्तरांनी माझ्याकडं बघितलं. मी उठलो. घसा साफ केला. “काका,” मी म्हटलं, “दार उघडू का?”

“उघड की रे,” नथूकाका म्हणाले. “मी कवा नको म्हनलो?”

घड्याळात बघितलं तर अडीच मिनिटं झाली होती. सतरा वर्षं आणि अडीच मिनिटं. तडजोडीचा कागद तयार झाला, नथूकाकांचा अंगठा झाला, आणि पेन माझ्या हातात आलं. मी सही करेना. माझ्या डोळ्यांपुढं ते वाळत घातलेलं पांढरं पातळ होतं.

“काय झालं?” बाईंनी विचारलं.

ज्या माणसानं सहा वर्षं तारखांना शिव्या दिल्या, तो माणूस भर मांडवात म्हणाला, “मॅडम, पुढची तारीख मिळेल का?”

घरत वकिलांनी कपाळाला हात लावला. बाई म्हणाल्या, “लोकन्यायालयात पुढची तारीख नसते.”

“मग अपील?”

“तेही नसतं. अहो, तुम्ही जिंकलात.”

मी सही केली. फी भरून, संध्याकाळपर्यंत बसून, निवाड्याची नक्कल हातात घेतली. इतक्या वर्षांत त्या इमारतीतून मला एखादा कागद त्याच दिवशी मिळाला, तो एवढाच.

एसटीत नथूकाका शेजारी बसले. पहिल्यांदाच. किन्हवली येईपर्यंत मी त्यांना आईचं सगळं सांगितलं. उतरताना ते फक्त म्हणाले, “नक्कल तुझ्या पिशवीत हाय, ती कोनी बगितली? मी तर नाय बगितली.”

घरी सगळे मोरीवर उभे होते. सरस्वती रडायच्या तयारीत होती. आई पांढरं पातळ नेसून, केस विंचरून कणगीला टेकून बसली होती.

“जिकलो?” तिनं विचारलं.

“जिंकलो,” मी म्हटलं. “चार फूट आपले. पण आई, नक्कल मिळायची आहे. नक्कल हातात आल्याबिगर दार उघडता येत नाही.”

“कवा मिळनार?”

मी आवक-जावक कारकून आहे. चोवीस वर्षांची नोकरी. त्या क्षणी ती सगळी माझ्या जिभेवर आली. “सांगता येत नाही,” मी म्हटलं. “अर्ज दिलाय. नक्कल काढणारा रजेवर आहे. तो आला की सायबांची सही. मग पुढची तारीख कळेल.”

मोरीच्या दारातून नथूकाका वाकून आत आले. आबा गेले त्या दिवसानंतर पहिल्यांदा. “वयनी,” ते म्हणाले, “आधीच सांगतो. नकलेबिगर मी दार उघडू देनार नाय. कायदा मंजे कायदा.”

आईनं दोघांकडं बघितलं. मग पदर खोचून ती उठली. “मंग पातळ मळवून काय करू,” म्हणाली आणि बदलायला आत गेली. त्या संध्याकाळी तिनं दीड भाकरी खाल्ली.

त्यानंतर आमच्याकडे नकलेच्या तारखा पडायला लागल्या. मी कॅलेंडरवर लाल गोल करायचो. कधी नक्कल काढणारा आजारी, कधी त्याच्या पुतण्याचं लग्न, कधी शाई नाही. दोन हजार पाचचा पूर आला तेव्हा कागद भिजल्याचं मी इतक्या बारकाईनं सांगितलं की पौर्णिमालाही खरं वाटलं. श्वेताचं लग्न धसईच्या एका मुलाशी झालं. ते सगळं वऱ्हाड मोरीवरून आलं, आणि जावयाचा मामा घसरला नाही म्हणून मी मनातल्या मनात आभार मानले. माझे साहेब भेटले की अजून विचारतात, “रोकडे, निकाल?” मी म्हणतो, “लागलाय, नक्कल यायची आहे.” ते मान हलवतात आणि सरकारी कारभाराला नावं ठेवतात. मी ऐकून घेतो.

मागच्या महिन्यात आईला रेशनकार्ड हवं होतं. ती नव्वदीला टेकली आहे, पण धान्याच्या दुकानावर स्वतः जाते. मी आत शोधत होतो, तर ती बाहेरून म्हणाली, “कपाटाच्या वरच्या खनात, कापडी पिशवीत. कोर्टाच्या नकलेच्या खाली.”

मी पिशवी हातात धरून बाहेर आलो.

“तुला कधी कळलं?”

“त्याच दिशी. तू आंगोळीला गेलास न् तुझी पिशवी मी आवरली.” ती जात्याशेजारी बसून तांदूळ निवडत होती. “मला वाचाया येत नाय. पन गोल शिक्का वळखता येतो. सतरा वर्सं दुसरं काय बगितलं?”

“मग बोलली का नाहीस?”

“तू एवढ्या तारखा आनीत होतास. न् नथूभावजी बी रोज इचारायला येतात, नक्कल आली का म्हनून. च्या घेऊन जातात.” तिनं एक खडा उचलून बाजूला टाकला. “जिकलो ना आपुन?”

“जिंकलो.”

“मंग झालं तर. दार काय कुठं पळून जात नाय. मला न्यायला ते लागंल तवा उघड, नक्कल दाखवून. उपकारानं नको.”

मी कणगीपलीकडं वाकून कॅलेंडर काढलं, लाल पेन शोधलं आणि तिच्याशेजारी बसलो.

“कधीची घेऊ?” मी विचारलं.

आईनं सुपातले तांदूळ एकदा पाखडले. “लावनी होऊ दे, कापनी होऊ दे,” ती म्हणाली. “जरा लांबची घे.”